बंद झालेल्या भागीदारी संस्थेकडील उधारी: समरी दावा कोणावर आणि कशाच्या आधारे?

प्रश्न: आम्ही दोघे भाऊ मिळून पुठ्ठ्याची खोकी तयार करतो. एका भागीदारी संस्थेला आम्ही नोव्हेंबर २०२३ ते ऑगस्ट २०२४ या काळात नऊ बिलांचा माल दिला. बिलांची बेरीज १४,८०,००० रुपये असून त्यांपैकी ३,४०,००० रुपये मिळाले आणि ११,४०,००० रुपये येणे आहेत. बिलावर ४५ दिवसांची मुदत आणि त्यानंतर दरसाल १८ टक्के व्याज असे छापलेले आहे. २,५०,००० रुपयांचा एक चेक न वटता परत आला, त्याला चौदा महिने झाले. शब्दावर विश्वास ठेवून आम्ही तेव्हा नोटीस दिली नाही. व्यवहाराच्या वेळी संस्थेत तीन भागीदार होते. त्यांपैकी एक एप्रिल २०२५ मध्ये निवृत्त झाले आणि त्यांच्या जागी थोरल्या भागीदारांच्या सूनबाई आल्या. जून २०२५ मध्ये थोरल्यांनी बाकी मान्य असल्याचे पत्र सही-शिक्क्यानिशी दिले. आता मात्र माल खराब होता आणि संस्थाच बंद केली आहे, असे ते सांगतात. आमचे वकील समरी दावा सुचवतात. तो चौघांवरही करावा का? निवृत्त भागीदार दोन लाख रुपये घेऊन मला मोकळे करा म्हणतात, ते घ्यावेत का?

उत्तर: आपल्या वकिलांनी सुचवलेला मार्ग योग्य आहे, पण ‘समरी’ हा शब्द ऐकून आपण जितके निर्धास्त झालेले दिसता तितके होऊ नये. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३७ खाली दाखल होणाऱ्या या दाव्याचे वेगळेपण एवढेच आहे की, त्यात प्रतिवादीला बचाव करण्याचा हक्क आपोआप मिळत नाही. तो त्याला न्यायालयाकडून मागून घ्यावा लागतो. समन्स बजावल्यापासून दहा दिवसांत त्याने हजेरी नोंदवली नाही, तर दाव्यातील कथने त्याने कबूल केली असे धरून हुकूमनामा, म्हणजे निकालाची डिक्री, होऊ शकतो. हजेरी नोंदवली, तर वादीने आपल्या शपथपत्रासह निकालासाठीचे दुसरे समन्स त्याच्यावर बजावायचे असते आणि त्यानंतरच्या दहा दिवसांत त्याने बचावाची परवानगी मागायची असते. कागदावर हे सारे झटपट वाटते. प्रत्यक्षात सर्वांत अधिक वेळ पहिल्या समन्सच्या बजावणीतच जातो, आणि प्रतिवादी भागीदारी संस्था असेल तर त्या बजावणीवर पुढचे जवळजवळ सर्व काही अवलंबून असते, म्हणून त्याविषयी पुढे सविस्तर लिहितो.

आधी कागदपत्रांचे पाहू. आदेश ३७ मध्ये सगळ्याच येण्यांचे दावे बसत नाहीत. चेक, हुंडी किंवा वचनचिठ्ठी यांवर आधारलेला दावा बसतो. तसेच लेखी करारातून उद्भवलेली निश्चित रक्कम, व्याजासह किंवा व्याजाविना, मागणारा दावा बसतो. आपल्याकडे एकच सलग करारपत्र नाही, परंतु मालाच्या सात मागण्या ई-मेलवर आलेल्या आहेत, बिलांवर मुदत व व्याजाचा दर छापलेला आहे आणि चलनांवर माल मिळाल्याची सही व शिक्का आहे. मागणी, बिल आणि पोच अशी जोडी प्रत्येक बिलासाठी लावता आली, तर लेखी कराराचा आधार उभा राहतो. दोन मागण्या तोंडी होत्या असे आपण लिहिता. त्या दोन बिलांबाबत ग्राहकाची सही असलेली बिलाची प्रत मिळते का ते आधी शोधा, कारण प्रतिवादीचे वकील पहिला घाव तिथेच घालतील. केवळ आपल्या खतावणीचा उतारा जोडून भागणार नाही. हिशेबाच्या वहीतील नोंद एकटी कोणावर दायित्व लादण्यास पुरेशी नसते, हे पुरावा कायद्याचे जुने तत्त्व आजही कायम आहे. ई-मेलच्या छापील प्रतींसोबत भारतीय साक्ष अधिनियम, २०२३ च्या कलम ६३ खालील प्रमाणपत्र लागेल, तेही आताच तयार ठेवावे.

मिळालेले ३,४०,००० रुपये कोणत्या बिलापोटी जमा केले, हे दाव्यात स्पष्ट असले पाहिजे. देणाऱ्याने रक्कम कशापोटी हे सांगितले नसेल, तर ती कोणत्या येण्यापोटी धरायची हे ठरवण्याची मुभा आपल्याला असते. दोघांनीही काहीच ठरवले नाही, तर ती सर्वांत जुन्या देण्यापासून क्रमाने वळती होते. आपल्या हिशेबनीसाने ती सरसकट खात्यावर जमा दाखवून ठेवली असेल, तर ‘हिशेबच वादग्रस्त आहे’ या ठरीव बचावाला आपणच जागा करून दिली असे होईल.

आता त्या चलनाविषयी, ज्याचा उल्लेख आपण पत्राच्या शेवटी, जाता जाता केल्यासारखा केला आहे. नवव्या बिलाच्या चलनावर त्यांच्या गोदामातील माणसाने पेन्सिलीने ‘१२ बंडल ओले’ असे लिहिले आहे आणि आपण ते ‘किरकोळ’ म्हणता. माझ्या मते आपल्या सगळ्या कागदांत सर्वांत जपून हाताळावा असा कागद तोच आहे. उरलेल्या मालाबद्दल आजवर एकही लेखी तक्रार आलेली नाही. वाजवी काळात माल नाकारल्याचे न कळवता तो ठेवून घेणाऱ्या खरेदीदाराने तो स्वीकारला असे वस्तुविक्री अधिनियम, १९३० धरून चालतो, आणि त्यानंतर दहा महिन्यांनी बाकी मान्य असल्याच्या पत्रावर सही करणाऱ्या माणसाला सगळाच माल खराब होता असे म्हणणे जड जाईल. परंतु ते चलन आपण दडवले आणि शपथपत्रासोबत प्रतिवादीनेच ते पुढे केले, तर बारा बंडलांचा वाद सगळ्या रकमेवर पसरेल आणि न्यायालयाचा आपल्यावरील विश्वास उडेल तो वेगळाच. त्या बारा बंडलांची किंमत मागणीतून वजा करावी, तसे दाव्यात नमूद करावे आणि ती रक्कम कायमची सोडून द्यावी. एका कारणातून उद्भवलेल्या मागणीचा सोडून दिलेला भाग पुढे वेगळ्या दाव्याने मागता येत नाही.

तसेच मानसिक त्रास, धंद्याचे नुकसान, बुडालेला नफा अशी मागणी दाव्यात घालू नये. दाव्याच्या कथनात हा दावा आदेश ३७ खाली असल्याचे आणि त्या आदेशाबाहेरची कोणतीही मागणी केलेली नसल्याचे स्पष्ट लिहावे लागते, आणि शीर्षकात दाव्याच्या क्रमांकाखाली तशी ओळ असावी लागते. नुकसानभरपाईची एक ओळ घातली की समरी दाव्याचा पायाच ढासळतो.

बचावाची परवानगी न्यायालय कशी देते, याची चौकट सर्वोच्च न्यायालयाने २०१६ साली आयडीबीआय ट्रस्टीशिप विरुद्ध हबटाऊन या प्रकरणात नव्याने मांडली आहे. बचाव भक्कम असेल, किंवा चौकशीयोग्य मुद्दा प्रामाणिकपणे उपस्थित झाला असेल, तर सामान्यतः बिनशर्त परवानगी मिळते. बचावाच्या प्रामाणिकपणाविषयी शंका असेल तर रक्कम जमा करणे किंवा तारण देणे अशा अटी घातल्या जातात. बचाव शक्य कोटीतला पण असंभाव्य असेल तर मुद्दल व्याजासह जमा करण्याची अटही लागू शकते. बचाव नुसता वेळकाढू असेल तर परवानगी नाकारून लगेच निकाल देता येतो. मागणीपैकी काही भाग प्रतिवादीला मान्य असेल, तर तेवढी रक्कम जमा केल्याखेरीज परवानगी मिळत नाही. आपले प्रकरण, ओल्या बंडलांचा प्रश्न आधीच निकालात काढला तर, मला अटींसह परवानगी किंवा नकार या दोन शक्यतांच्या मध्ये दिसते. बिनशर्त परवानगी मिळालीच तर दावा बाद होत नाही, तो नेहमीच्या दाव्यासारखा पुढे चालतो.

आता मुख्य प्रश्न, दावा कोणावर. भारतीय भागीदारी अधिनियम, १९३२ च्या कलम २५ प्रमाणे प्रत्येक भागीदार, तो भागीदार असताना संस्थेने केलेल्या प्रत्येक व्यवहारासाठी इतरांसह संयुक्तपणे आणि एकटाही पूर्णपणे जबाबदार असतो. त्याचा हिस्सा दहा टक्के होता की पन्नास, हा त्यांचा आपसातला हिशेब आहे. आपला सगळा माल ऑगस्ट २०२४ पर्यंत गेला, तेव्हा निवृत्त भागीदार संस्थेत होते, म्हणून एप्रिल २०२५ ची निवृत्ती त्यांना या देण्यातून सोडवत नाही. निवृत्तीची जाहीर सूचना दिली होती की नाही हा प्रश्न निवृत्तीनंतरच्या व्यवहारांपुरता असतो; आपल्या बिलांना तो लागू नाही. त्यांची सुटका एकाच प्रकारे होऊ शकते: ते, आपण आणि नवी रचना झालेली संस्था यांच्यात तसा करार झाला तर. हा करार वागणुकीवरूनही गृहीत धरला जातो. निवृत्तीची बातमी कळल्यानंतर आपण ‘आता आमचे येणे तुमच्याकडूनच’ अशा अर्थाचे काही थोरल्यांना लिहिले असेल, तर ते आजच आपल्या वकिलांना दाखवा.

सूनबाईंना मात्र वगळा. नव्याने आलेला भागीदार आपल्या प्रवेशापूर्वीच्या व्यवहारांसाठी केवळ भागीदार झाल्यामुळे जबाबदार ठरत नाही. दडपण येईल म्हणून घरातल्या बाईमाणसाचे नाव घालण्याची कल्पना मी अनेकदा ऐकतो. त्यातून एवढेच होते की परवानगी मिळवण्यासाठी एक अगदी प्रामाणिक बचाव न्यायालयासमोर येतो आणि त्याच्या आडोशाला बाकीचेही उभे राहतात.

कायदा भागीदारांवर संस्थेच्या नावाने दावा करण्याची मुभा देतो आणि पुष्कळ जण तेवढ्यावर थांबतात. मी स्वतः सुरुवातीच्या वर्षांत तेच केले होते. समन्स गाळ्यावर कारभार पाहणाऱ्या माणसाला बजावले गेले, हुकूमनामा संस्थेच्या नावाने झाला, आणि दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, घेऊन बेलीफ पोहोचला तेव्हा भाड्याच्या त्या गाळ्यात एक टेबल आणि दोन खुर्च्या होत्या. संस्थेविरुद्धचा हुकूमनामा संस्थेच्या मालमत्तेवर सरळ चालतो. भागीदाराच्या घरापर्यंत किंवा बँक खात्यापर्यंत तो सरळ पोहोचायचा असेल, तर आदेश २१ च्या नियम ५० प्रमाणे त्या भागीदाराने स्वतःच्या नावाने हजेरी दिलेली असावी, किंवा आपण भागीदार असल्याचे मान्य केलेले अथवा न्यायालयाने तसे ठरवलेले असावे, किंवा भागीदार म्हणून त्याच्यावर व्यक्तिशः समन्स बजावूनही तो गैरहजर राहिलेला असावा. यांपैकी काहीच नसेल, तर दरखास्तीच्या टप्प्यावर पुन्हा परवानगी मागावी लागते आणि ‘मी भागीदार नव्हतोच’ हा वाद तिथे नव्याने सुरू होतो. त्यातच संस्था बंद झाल्याचे त्यांनी आपल्याला सांगितलेले आहे. दाव्यापूर्वी संस्था विसर्जित झाल्याचे वादीला माहीत असेल, तर ज्याच्यावर जबाबदारी टाकायची आहे अशा भारतातील प्रत्येक भागीदारावर समन्स बजावलेच पाहिजे, असे आदेश ३० सांगतो. म्हणून संस्था पहिली प्रतिवादी, आणि थोरले, दुसरे भागीदार व निवृत्त भागीदार हे नावानिशी, घरच्या पत्त्यांसह पुढचे प्रतिवादी, अशी रचना करावी. भागीदारी संस्था निबंधकांच्या नोंदवहीतून त्या संस्थेचा प्रमाणित उतारा आधी काढून घ्या; कोण कधी आले आणि कधी गेले याच्या तारखा त्यात मिळतील. बजावणीत कसर ठेवू नका, कारण विशेष परिस्थिती दाखवून एकतर्फी हुकूमनामा रद्द करून घेण्याची सोय आदेश ३७ मध्येच आहे आणि ‘मला समन्सच मिळाले नाही’ हेच त्यासाठी नेहमी पुढे केले जाणारे कारण असते.

दावा दाखल करण्याच्या मुदतीचा हिशेब थोडा फसवा आहे. पहिले बिल १० नोव्हेंबर २०२३ चे. ४५ दिवसांची उधारी २५ डिसेंबर २०२३ ला संपली. तीन वर्षांची मुदत २५ डिसेंबर २०२६ ला संपते. जून २०२५ च्या पत्रामुळे तीन वर्षे नव्याने सुरू झाली, असे आपण गृहीत धरले आहे. थोरल्यांपुरते, आणि संस्था तेव्हा चालू असल्यास संस्थेपुरते, ते बरोबर आहे. परंतु एका भागीदाराने दिलेल्या लेखी कबुलीमुळे, केवळ तेवढ्याच कारणाने, दुसरा भागीदार बांधला जात नाही, असे मुदत अधिनियम, १९६३ च्या कलम २० मध्ये म्हटले आहे, आणि दोन महिन्यांपूर्वीच निवृत्त झालेल्या माणसाच्या वतीने कबुली देण्याचा अधिकार थोरल्यांकडे उरला होता असे दाखवणे कठीण आहे. म्हणून निवृत्त भागीदारांपुरती मुदत मूळ तारखांवरूनच मोजा. तो दिवस नाताळच्या सुट्टीचा आहे आणि सुट्टीनंतरच्या पहिल्या कामाच्या दिवशी दावा दाखल करता येतो, हे खरे असले तरी त्यावर विसंबण्याची वेळ आणू नका.

त्यातच दाव्याआधीची एक पायरी आहे. आपला वाद तीन लाखांवरील व्यापारी वाद असल्याने तो वाणिज्य न्यायालयात जाईल, आणि तातडीच्या अंतरिम आदेशाची मागणी नसेल तर वाणिज्य न्यायालये अधिनियमाच्या कलम १२अ प्रमाणे विधी सेवा प्राधिकरणाकडे दावापूर्व मध्यस्थीचा अर्ज करणे सक्तीचे आहे. सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२२ मध्ये पाटील ऑटोमेशन प्रकरणात ही सक्ती पक्की केली, आणि ही पायरी टाळून दाखल केलेला दावा दारातूनच परत जातो. समोरचे आले नाहीत तर तसा अहवाल मिळतो, आणि मध्यस्थीत गेलेला काळ मुदतीतून वगळला जातो. थोरले आपला फ्लॅट मुलाच्या नावावर करत असल्याची कुणकुण आपण लिहिली आहे. त्याचा ठोस पुरावा, म्हणजे नोंदणीसाठी गेलेला दस्त किंवा विक्रीची जाहिरात, हाती आला तर निकालापूर्वीच्या जप्तीचा अर्ज करता येईल आणि मग मध्यस्थीची अटही आड येणार नाही. मात्र कुणकुणीवर जप्ती मिळत नाही. सर्वोच्च न्यायालयाने या अधिकाराला कठोर आणि असाधारण म्हटले आहे. वाणिज्य न्यायालयात आदेश १३अ खाली साक्षीपुराव्याविना संक्षिप्त निकाल मागण्याची दुसरीही सोय आहे, पण मुळात आदेश ३७ खाली दाखल केलेल्या दाव्यात ती मिळत नाही. त्यामुळे दोहोंपैकी एक वाट सुरुवातीलाच निवडावी लागेल. आपल्याकडे कबुलीपत्र आहे. मी आदेश ३७ निवडीन.

आपण विचारले नाही, पण मला सर्वांत आधी खटकले ते आपले ‘आम्ही दोघे भाऊ’. आपला व्यवसाय जर एकाच्या नावावरचा असेल तर प्रश्न नाही. ती भागीदारी असेल आणि निबंधकांकडे नोंदलेली नसेल, तर भागीदारी अधिनियमाच्या कलम ६९ प्रमाणे करारावर आधारलेला हा दावा आपल्याला आणताच येणार नाही, आणि दावा दाखल केल्यानंतर केलेली नोंदणी त्या दाव्याला वाचवत नाही. नोंदणी आधी करा, दोघांचीही नावे नोंदवहीत भागीदार म्हणून आल्याची खात्री करा आणि मगच दावा दाखल करा. गंमत अशी की नोंदणी नसलेल्या संस्थेवर तिऱ्हाइताला दावा करता येतो. अडचण फक्त तिने दावा आणताना येते.

परत आलेल्या चेकची फौजदारी बाजू आता संपली आहे, कारण बँकेचा निरोप मिळाल्यापासून तीस दिवसांत नोटीस जायला हवी होती. दिवाणी दाव्यात मात्र तो चेक आणि बँकेचा परतीचा मेमो हे तेवढ्या रकमेसाठी आपले सर्वांत स्वच्छ कागद आहेत. खोकी आपण स्वतः बनवता, म्हणून माल देण्यापूर्वीपासून आपली उद्यम नोंदणी असेल, तर सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योग विकास अधिनियम, २००६ खाली सुविधा परिषदेकडे जाण्याचा पर्यायही वकिलांशी बोलून पाहा. तिथे व्याज रिझर्व्ह बँकेने जाहीर केलेल्या बँक दराच्या तिप्पट आणि दरमहा चक्रवाढीने लागते. पण निवृत्त भागीदार आणि बंद झालेली संस्था अशा स्थितीत व्यक्तींच्या नावाने हुकूमनामा हाती असणे मला अधिक उपयोगी वाटते.

राहिले ते दोन लाख. ते घेण्यास हरकत नाही, पण लेखाच्या शब्दांवर सर्व काही अवलंबून राहील. संयुक्त देणेकऱ्यांपैकी एकाला मोकळे केल्याने इतर मोकळे होत नाहीत, असे भारतीय करार अधिनियमाचे कलम ४४ सांगते. तरीही ‘बाकी पूर्णपणे मिटली’ किंवा ‘आमचे काही येणे राहिले नाही’ असे शब्द त्या कागदावर आले, तर थोरले उद्या तोच कागद पुरावा म्हणून निशाणी लावून पुढे करतील. लेखात एकूण येणे किती आहे हे लिहावे, दोन लाख रुपये त्यापोटी बँकेमार्फत मिळाल्याचे लिहावे, आणि सुटका फक्त त्यांच्या एकट्याची असून संस्था व उर्वरित दोन भागीदारांविरुद्धचे हक्क संपूर्णपणे राखून ठेवले आहेत, हे वाक्य त्यांच्याही सहीखाली असावे. मात्र सही करण्यापूर्वी निबंधकांचा उतारा हाती घ्या आणि तिघांपैकी कोणाच्या नावावर काय आहे ते पाहा. थोरल्यांचा फ्लॅट खरोखरच हातातून जाणार असेल आणि निवृत्त गृहस्थांकडे स्वतःची मालमत्ता असेल, तर ते एकटेच पूर्ण रकमेला जबाबदार आहेत, आणि तेव्हा दोन लाखांचा आकडा मी स्वीकारणार नाही.